सहा ऑगस्टचे दोन प्रकाश



६ ऑगस्टला ख्रिस्तसभा प्रभू येशूच्या रूपांतराचा सण साजरा करते. पेत्र, याकोब आणि योहान या तिघांना घेऊन प्रभू डोंगरावर गेला. तेथे त्यांच्यादेखत त्याचे रूप तेजोमय झाले आणि मेघातून पित्याची वाणी ऐकू आली. शिष्य घाबरून पालथे पडले. तेव्हा प्रभूने जवळ येऊन त्यांना स्पर्श केला व धीर दिला. हे शुभवर्तमान आपण दरवर्षी ऐकतो.

१९४५ साली याच सणाच्या दिवशी सकाळी सव्वाआठ वाजता जपानमधील हिरोशिमा शहरावर अमेरिकेने अणुबॉम्ब टाकला. तेथेही डोळे दिपवणारा प्रकाश पडला. त्या वर्षाअखेरपर्यंत सुमारे १ लाख ४० हजार माणसे मरण पावली. तीन दिवसांनी, ९ ऑगस्टला, नागासाकीवर दुसरा बॉम्ब पडला आणि तेथे सुमारे ७० हजार माणसे मेली. एकाच तारखेला हे दोन प्रकाश आपल्यासमोर येतात. पहिल्या प्रकाशात माणसाला देवाचे मुख दिसले. दुसऱ्या प्रकाशात माणसाचा चेहराच जळून गेला.

जळकोटसारख्या गावात, सोयाबीनच्या कोळपणीच्या दिवसांत, फादरांनी अणुबॉम्बवर का लिहावे, असे काहींना वाटेल. कारण असे आहे. युवकांच्या एका बैठकीत एका मुलाने आम्हाला विचारले, "फादर, आपल्याकडे अणुबॉम्ब नसता तर शेजाऱ्यांनी आपल्याला केव्हाच त्रास दिला असता. मग अणुबॉम्ब वाईट कसा? आणि ज्यांनी तो बनवला ते तर देशभक्त." प्रश्न प्रामाणिक होता. त्या मुलाचा मामा सैन्यात आहे. आम्ही त्या दिवशी जे उत्तर दिले ते आम्हाला स्वतःला पुरेसे वाटले नाही. आमचेही मन या बाबतीत पूर्वी फारसे स्वच्छ नव्हते. ११ आणि १३ मे १९९८ रोजी पोखरणला अणुचाचण्या झाल्या तेव्हा आम्ही शिकत होतो. गावात पेढे वाटले गेले. आम्हीही हात पुढे केला आणि पेढा खाल्ला. त्या दिवशी आम्हाला एकदाही नागासाकी आठवले नाही, कारण नागासाकीविषयी आम्हाला कोणी काही सांगितलेच नव्हते. म्हणून हे लिहीत आहोत.

हा विषय दूरचा नाही

पोखरण राजस्थानात आहे, पण भारताच्या बॉम्बची सुरुवात आपल्या महाराष्ट्रात झाली. मुंबईच्या तुर्भे येथे डॉ. होमी भाभा यांनी अणुसंशोधनाचे केंद्र उभारले. आज त्या केंद्राला त्यांचेच नाव आहे. ४ ऑगस्ट १९५६ रोजी तेथे 'अप्सरा' ही अणुभट्टी सुरू झाली. नंतर कॅनडाच्या मदतीने 'सायरस' ही भट्टी उभी राहिली. ती शांततेच्या कामासाठी म्हणून मिळाली होती. १८ मे १९७४ रोजी पोखरणला पहिला अणुस्फोट झाला, त्यातले प्लुटोनियम या सायरसमधून आले होते. सायरस २०१० साली बंद झाली. त्याच तुर्भ्यात कर्करोगाच्या उपचारासाठी लागणारी किरणोत्सारी द्रव्ये तयार होतात आणि शेतीसाठी बियाण्यांचे नवे वाणही शोधले जातात. एकाच आवारात जीव वाचवणारे आणि जीव घेणारे ज्ञान नांदते. ज्ञान ही देवाची देणगी आहे. ते कशासाठी वापरायचे हे मात्र माणसाने ठरवायचे असते.

आपल्याच भाषेत बोलणाऱ्या एका मोठ्या माणसाने त्या काळी वेगळा सूर लावला होता. गोव्यात जन्मलेले गणिती आणि इतिहासकार दामोदर धर्मानंद कोसंबी हे भाभांच्याच संस्थेत काम करीत होते. भारतासारख्या उन्हाच्या देशाने अणुऊर्जेऐवजी सूर्याच्या ऊर्जेवर भर द्यावा असे ते म्हणत, आणि जागतिक शांतता चळवळीतही ते होते. १९६२ साली त्यांचा त्या संस्थेशी संबंध संपला. ते ख्रिस्ती नव्हते, किंबहुना मार्क्सवादी विचारांचे होते. पण अणुशक्तीबद्दल प्रश्न विचारणारा माणूस देशाचा शत्रू असतो असे नाही, हे त्यांच्याकडे पाहून कळते. आज आपल्या शिवारात सौर पंप दिसतात तेव्हा आम्हाला त्यांची आठवण येते.

आता आपली रोजची भाषा पाहा. दिवाळीत मुले 'ॲटम बॉम्ब' नावाचा फटाका मागतात. राजकारणी एकमेकांवर आरोप करतात तेव्हा वर्तमानपत्रात 'अमुक नेत्याने अणुबॉम्ब टाकला' असे छापून येते. ज्या वस्तूने दोन शहरे भाजली तिचे नाव आपण गंमत म्हणून घेतो. शब्द सवयीचा झाला की त्याच्यामागची माणसे दिसेनाशी होतात.

याहून गंभीर गोष्ट म्हणजे पवित्र नावांचा वापर. १६ जुलै १९४५ रोजी अमेरिकेच्या वाळवंटात जगातली पहिली अणुचाचणी झाली. तिचे सांकेतिक नाव होते 'ट्रिनिटी', म्हणजे पवित्र त्रैक्य. ज्या नावाने आपला बाप्तिस्मा होतो आणि ज्या नावाने आपण रोज कपाळाला क्रूसाची खूण करतो, ते नाव त्या स्फोटाला दिले गेले. १९७४ साली आपल्या देशातल्या स्फोटाला 'स्मायलिंग बुद्धा' हे नाव मिळाले आणि १९९८ ची पहिली चाचणी बुद्धपौर्णिमेच्या दिवशी झाली. ज्याने आयुष्यभर करुणा शिकवली त्याचे हे नाव. आपल्या बौद्ध शेजाऱ्यांच्या मनाला तेव्हा काय वाटले असेल, हे आपण त्यांना कधी विचारले का?

अमेरिकेच्या नौदलाने एका आण्विक पाणबुडीला 'कॉर्पस क्रिस्ती' असे नाव ठेवले होते. टेक्सास राज्यात त्या नावाचे शहर आहे, पण शब्दांचा अर्थ 'ख्रिस्ताचे शरीर' असा होतो. तेथील कॅथलिकांनी हरकत घेतली, तेव्हा १९८२ साली ते नाव बदलून 'सिटी ऑफ कॉर्पस क्रिस्ती' असे करण्यात आले. बदल दोन शब्दांचा होता आणि पाणबुडी तीच राहिली. तरीही साध्या भाविकांनी आवाज उठवला आणि सरकारला तो ऐकावा लागला, हे लक्षात ठेवण्यासारखे आहे.

पापनिवेदनाची रांग

नागासाकीविषयी प्रत्येक कॅथलिकाला माहीत असायला हवे. जपानमध्ये ख्रिस्ती श्रद्धेवर बंदी आली आणि धर्मगुरू मारले गेले किंवा हाकलले गेले, तेव्हा नागासाकीजवळच्या उराकामी भागातील गरीब शेतकऱ्यांनी आपली श्रद्धा लपवून जपली. सुमारे अडीचशे वर्षे त्यांच्याकडे मिस्सा नव्हता आणि धर्मगुरूही नव्हता. बाप्तिस्मा आणि प्रार्थना एवढेच त्यांनी पिढ्यानपिढ्या पुढे दिले. १८६५ साली त्यांच्यापैकी काही जण एका फ्रेंच मिशनरी फादरांपुढे येऊन उभे राहिले आणि आपणही त्याच श्रद्धेचे आहोत असे त्यांनी हळूच सांगितले. पुढे त्यांनी उराकामीत मोठे कॅथीड्रल बांधले.

९ ऑगस्ट १९४५ रोजी सकाळी ११ वाजून २ मिनिटांनी बॉम्ब त्या कॅथीड्रलपासून सुमारे अर्ध्या किलोमीटरवर फुटला. १५ ऑगस्टचा पवित्र मरियेच्या स्वर्गोन्नयनाचा सण जवळ आला होता, म्हणून चर्चमध्ये पापनिवेदन चालू होते. आत दोन धर्मगुरू होते आणि भाविक आपल्या पाळीची वाट पाहत होते. त्यांच्यापैकी कोणी वाचले नाही. उराकामीच्या सुमारे १२ हजार कॅथलिकांपैकी सुमारे ८,५०० मृत्यू पावले. विमानाचे पहिले लक्ष्य कोकुरा हे दुसरेच शहर होते. तेथे ढग आणि धूर होता म्हणून विमान नागासाकीकडे वळले. विमानाचा मुख्य वैमानिक चार्ल्स स्वीनी स्वतः कॅथलिक होता.

अडीचशे वर्षांच्या छळाने जे संपले नाही ते एका क्षणात जवळजवळ संपले, आणि ते संपवणाऱ्यांत बाप्तिस्मा झालेली माणसे होती. हे वाचल्यावर आम्हाला आमचा तो पेढा आठवला.

ही देवाची इच्छा होती का?

उराकामीतले एक श्रद्धावंत डॉक्टर ताकाशी नागाई यांची पत्नी मिदोरी त्या दिवशी घरात जळून गेली. तिच्या अस्थींजवळ तिची जपमाळ सापडली. डॉ. नागाई स्वतः किरणोत्साराने व रक्ताच्या कर्करोगाने आजारी होते. १९५१ साली ते वारले. नोव्हेंबर १९४५ मध्ये मृतांच्या मिस्साच्या वेळी ते बोलले. उराकामी हे निष्कलंक कोकरू होते, जगाच्या पापांसाठी त्याचे अर्पण झाले आणि युद्ध थांबले, असा त्यांच्या बोलण्याचा आशय होता. शोकाने वेड्या झालेल्या लोकांना त्या शब्दांनी आधार दिला, हे खरे आहे. पण पुढे अनेकांनी, त्यात जपानी कॅथलिकही होते, विचारले की असे म्हटल्याने बॉम्ब टाकणाऱ्यांची जबाबदारी देवावर ढकलली जात नाही का?

आपल्या भागातल्या लोकांना हा प्रश्न समजावून सांगावा लागत नाही. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे, गणेश विसर्जन करून लोक झोपले होते आणि किल्लारीचा भूकंप झाला. लातूर आणि आपल्या जिल्ह्यातली ५२ गावे जमीनदोस्त झाली. दगडमातीच्या भिंती आणि जड माळवदे झोपलेल्या माणसांवर कोसळली. लोहारा, सास्तूर हे आपल्याला परके नाहीत. एका आजीने आम्हाला विचारले होते, "फादर, लेकरांनी कुणाचं काय वाईट केलं होतं?" तिला उत्तर देणे आम्हाला जमले नाही. आम्ही तिच्याजवळ बसलो, एवढेच.

पण भूकंप आणि अणुबॉम्ब यांत एक फरक आहे, तो विसरू नये. भूकंपाचा निर्णय कोणी घेत नाही. जमिनीच्या पोटातला ताण मोकळा होतो. माणसाची चूक असेल तर ती घराच्या कच्च्या बांधणीत असते, आणि त्या दुःखापुढे आपण ईयोबासारखे देवाशी भांडू शकतो. अणुबॉम्बचा निर्णय मात्र टेबलाभोवती बसून घेतला जातो. शहर निवडले जाते, हवामान पाहिले जाते, सही होते. २५ फेब्रुवारी १९८१ रोजी संत जॉन पॉल दुसरे हिरोशिमाला गेले. युद्ध हे माणसाचेच कृत्य आहे, हे त्यांनी तेथे स्पष्टपणे सांगितले. जे माणसाने केले त्याला दैवी कोप म्हणून मोकळे होता येत नाही. आणि जे माणसाने केले ते माणसाला थांबवताही येते. त्यातच आपली आशा आहे.

मोठी तोफ?

काही जण म्हणतात, शस्त्र ते शस्त्रच. आधी तलवार होती, मग तोफ आली, आता अणुबॉम्ब आहे. नळदुर्गच्या किल्ल्यात उपळी बुरुजावर चढलात तर लांबलचक तोफा दिसतात. अणुबॉम्ब ही त्याहून मोठी तोफ आहे, एवढेच का?

या गावाने लढाई पाहिली आहे. १३ सप्टेंबर १९४८ रोजी पोलीस ॲक्शन सुरू झाली. सोलापूरकडून आलेल्या भारतीय सैन्याने नळदुर्गचा पूल ताब्यात घेतला आणि त्याच सकाळी रणगाड्यांची तुकडी आपल्या जळकोटात पोहोचली. तेथून ती उमरग्याकडे गेली. निजामाच्या राजवटीतून आणि रझाकारांच्या जुलमातून सुटका झाली म्हणून लोकांनी आनंद केला. त्या कारवाईत सशस्त्र सैन्य सशस्त्र सैन्याशी लढले. संत ऑगस्टीन आणि संत थॉमस अक्वायनस यांच्या काळापासून ख्रिस्तसभेने शिकवले आहे की अन्याय थांबवण्यासाठी, दुसरा उपाय नसताना, योग्य अधिकाऱ्याच्या हुकमाने, मर्यादा पाळून बळाचा वापर करता येतो. सैनिक होणे हे पाप नाही. शुभवर्तमानात प्रभूने ज्या रोमी शताधिपतीच्या श्रद्धेची स्तुती केली, तो सैनिकच होता.

पण त्याच १९४८ साली, लढाई संपल्यावरच्या दिवसांत, या जिल्ह्यातल्या अनेक निरपराध मुस्लिम कुटुंबांवर अत्याचार झाले. केंद्र सरकारने पाठवलेल्या पंडित सुंदरलाल यांच्या समितीने त्याची नोंद केली आहे. जुन्या माणसांना ते ठाऊक आहे आणि ते त्याविषयी हळू आवाजात बोलतात. का हळू आवाजात? कारण पुलावरची लढाई आणि घरात शिरून केलेली हत्या यांतला फरक प्रत्येकाच्या विवेकबुद्धीला कळतो. त्यासाठी तत्त्वज्ञानाची पदवी लागत नाही.

हाच फरक अणुबॉम्ब पुसून टाकतो. तोफेचा गोळा तटावर मारता येतो. शहरावर टाकलेल्या अणुबॉम्बला तट आणि पाळणा वेगळा कळत नाही. नीतिशास्त्रात आम्हाला शिकवले गेले की एखाद्या चांगल्या कृतीचा अनपेक्षित वाईट परिणाम काही वेळा सहन करता येतो, पण चांगल्या परिणामासाठी वाईट कृती हे साधन म्हणून वापरता येत नाही. युद्ध लवकर संपावे हा हेतू चांगला आहे. त्यासाठी झोपलेल्या, शाळेत निघालेल्या, पापनिवेदनाच्या रांगेतल्या माणसांना मारणे हे साधन वाईट आहे. १९५६ साली ऑक्सफर्ड विद्यापीठाने अमेरिकेचे माजी अध्यक्ष ट्रुमन यांना सन्माननीय पदवी द्यायचे ठरवले. तेव्हा एलिझाबेथ ॲन्सकोम्ब या कॅथलिक तत्त्वज्ञ बाईंनी भर सभेत विरोध केला. निरपराधांना मारणे हे साधन म्हणून निवडणे म्हणजे खून, आणि खुनाचा हुकूम देणाऱ्याचा सन्मान करू नये, असे त्यांचे म्हणणे होते. पदवी दिली गेलीच. पण त्यांचा युक्तिवाद आजही कोणाला खोडता आलेला नाही, असे आम्हाला वाटते. १९६५ साली दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनेही अख्खी शहरे सरसकट नष्ट करणारी युद्धकृती हा देवाविरुद्ध आणि मानवाविरुद्ध गुन्हा ठरवला.

रॉकेलचा डबा

आता त्या मुलाच्या खऱ्या प्रश्नाकडे येऊ. तो म्हणेल, "फादर, टाकायचा नाही हे मान्य. पण नुसता जवळ ठेवला तर? भीतीने का होईना, शांतता राहते." हा युक्तिवाद हलका नाही. मोठमोठ्या देशांनी तो मांडला आहे. भारताने २००३ साली जाहीर केलेल्या धोरणात आपण प्रथम अण्वस्त्र वापरणार नाही असे म्हटले आहे. हा संयम आहे आणि त्याचे मोल आम्ही कमी करत नाही. पण त्याच धोरणात हल्ला झाल्यास प्रचंड प्रत्युत्तर देण्याची तयारीही आहे. त्या प्रत्युत्तरात कोण मरणार? पलीकडच्या शहरांतली आया-लेकरे.

आपल्या गावातले उदाहरण घेऊ. दोन शेतकऱ्यांचा बांधावरून वाद आहे. पहिला म्हणतो, "माझा बांध कोरलास तर तुझे घर बायका-पोरांसकट पेटवीन," आणि दारात रॉकेलचा डबा व काडीपेटी ठेवतो. दुसराही तसेच करतो. वीस वर्षे कोणी बांध कोरत नाही. दोघेही म्हणतात, बघा, डब्यामुळे शांतता आहे.

या शांततेत तीन गोष्टी बिघडलेल्या आहेत. पहिली म्हणजे डबा उपयोगी पडण्यासाठी पेटवण्याची तयारी खरी असावी लागते. नुसते नाटक शेजारी ओळखतो. म्हणजे हा माणूस रोज रात्री शेजाऱ्याची लेकरे जाळायची तयारी मनात ठेवून झोपतो. पाप मनात आधी घडते, हे प्रभूने डोंगरावरच्या प्रवचनात शिकवले आहे. दुसरी म्हणजे भांडण थांबतेच असे नाही. १९९८ च्या चाचण्यांनंतर वर्षभरातच, १९९९ साली, कारगिलचे युद्ध झाले आणि आपले शेकडो जवान गेले. तिसरी म्हणजे डबा कधी तरी लाथेने लवंडतो. ९ मार्च २०२२ रोजी भारताचे एक ब्रह्मोस क्षेपणास्त्र चुकून सुटले आणि पाकिस्तानातल्या मियाँ चन्नू गावाजवळ जाऊन पडले. त्यावर स्फोटक नव्हते आणि कोणी मेले नाही. सरकारने चूक मान्य केली आणि पुढे हवाई दलाच्या तीन अधिकाऱ्यांना बडतर्फ केले. देवाची कृपा की पलीकडच्यांनी काडी ओढली नाही.

स्टॉकहोम येथील सिप्री या संस्थेच्या २०२५ च्या अंदाजानुसार जगात १२ हजारांहून अधिक अण्वस्त्रे आहेत. त्यांपैकी भारताकडे सुमारे १८० आणि पाकिस्तानकडे सुमारे १७० आहेत. एवढे डबे दारात ठेवून जग झोपते.

ख्रिस्तसभेचा विचारही या बाबतीत पुढे सरकला आहे, हे प्रामाणिकपणे सांगायला हवे. १९८२ साली संत जॉन पॉल दुसरे यांनी, निःशस्त्रीकरणाच्या वाटेवरचा एक टप्पा म्हणून, समतोलावर आधारलेला धाक नैतिकदृष्ट्या चालू शकतो असे म्हटले होते. टप्पा म्हणून, मुक्काम म्हणून नव्हे. पण जगाने टप्प्यावरच घर बांधले. म्हणून २४ नोव्हेंबर २०१९ रोजी पोप फ्रान्सिस जपानमध्ये होते, तेव्हा अण्वस्त्रांच्या वापराबरोबरच ती बाळगणेही अनैतिक आहे असे त्यांनी स्पष्ट सांगितले. २०१७ साली अण्वस्त्रबंदीचा आंतरराष्ट्रीय करार झाला तेव्हा परमपीठाने त्याला लगेच मान्यता दिली. अण्वस्त्रे असलेल्या एकाही देशाने त्यावर सही केलेली नाही. त्यात आपला देशही आहे.

मग उद्याच आपण एकट्याने सर्व अस्त्रे मोडून टाकावीत का? शेजाऱ्याचा डबा भरलेला असताना हे सांगणे सोपे नाही, आणि धर्मगुरूच्या खुर्चीत बसून देशाच्या संरक्षणाची योजना आखण्याचा अधिकार आम्हाला नाही. दोघांनी बोलून, एकमेकांचे तपासून, पायरीपायरीने डबे रिकामे करावेत, असाच मार्ग ख्रिस्तसभा सांगते. पण एक गोष्ट आम्ही ठामपणे सांगतो. जे शस्त्र वापरले तर पाप आहे आणि वापरण्याच्या तयारीशिवाय ज्याचा उपयोग नाही, त्याचा अभिमान बाळगता येणार नाही. ते आपल्या गळ्यातले ओझे आहे. ओझे लगेच उतरत नसेल तर ते ओझे आहे हे तरी कबूल करावे. पापनिवेदनाची पहिली पायरी हीच असते. आधी चूक चूक म्हणून ओळखायची, मग तिच्यातून बाहेर पडण्याची वाट शोधायची. पेढे वाटणारा माणूस कधी पापनिवेदनाला येत नाही.

त्या मुलाला आम्ही आता असे सांगू: तुझा मामा सीमेवर उभा आहे, त्याच्यासाठी आपण रोज प्रार्थना करतो. तो शस्त्रधारी शत्रूपुढे स्वतःचा जीव पणाला लावतो. अणुबॉम्ब दुसऱ्याच्या निरपराध लेकरांचा जीव पणाला लावतो. या दोन गोष्टींना एकाच 'देशभक्ती' या शब्दात बांधू नकोस. मामाचा मान राखायचा असेल तर हा फरक जप.

आपण काय करावे?

१९४५ साली तिनियान बेटावर, जेथून बॉम्ब घेऊन विमाने उडाली, तेथे फादर जॉर्ज झाबेल्का हे त्या वैमानिकांचे कॅथलिक धर्मगुरू होते. त्यांनी मिस्सा केला, पापनिवेदन ऐकले, पण शहरांवर बॉम्ब टाकण्याविषयी एक शब्दही काढला नाही. पुढे अनेक वर्षांनी त्यांना स्वतःच्या त्या मौनाचा पश्चात्ताप झाला. त्यांनी तो जाहीरपणे कबूल केला आणि उरलेले आयुष्य शांतीच्या कामाला वाहिले. १९९२ साली ते वारले. बॉम्ब त्यांनी टाकला नव्हता. तरी आपल्या मौनाचा वाटा त्यांनी ओळखला. ही हकीकत प्रत्येक धर्मगुरूने स्वतःला विचारण्यासारखी आहे, आणि आम्ही ती स्वतःला विचारतो.

आपल्या धर्मग्रामासाठी आम्ही तीन साध्या गोष्टी सुचवतो. पहिली, घरात बोलताना कोणत्याही देशावर 'बॉम्ब टाकून मोकळे व्हावे' असे मुलांसमोर म्हणू नये. मुले आपले शब्द खरे मानतात. दुसरी, धर्मशिक्षणाच्या वर्गात या महिन्यात नागासाकीच्या ख्रिस्ती लोकांची हकीकत सांगितली जाईल. पालकांनीही येऊन ऐकावे. तिसरी, पाकिस्तानातही आपल्यासारखेच कॅथलिक धर्मग्राम आहेत आणि तेथेही रविवारी हाच मिस्सा होतो. भाविकांच्या प्रार्थनेत आपल्या जवानांबरोबर त्यांचेही नाव घेऊ या. ज्यांच्यासाठी आपण प्रार्थना करतो त्यांना जाळण्याचा विचार मनात टिकत नाही.

उराकामीच्या कॅथीड्रलला दोन घंटा होत्या. एक ढिगाऱ्यातून शाबूत निघाली. १९४५ च्या नाताळच्या आदल्या रात्री, चर्च नसलेल्या त्या जागी, लोकांनी ती वाजवली. दुसरी फुटली होती. तिची जागा ऐंशी वर्षे रिकामी राहिली. बॉम्ब बनवणाऱ्या प्रकल्पात काम केलेल्या एका अमेरिकन डॉक्टरच्या नातवाने पुढाकार घेतला, अमेरिकेतल्या कॅथलिकांनी वर्गणी काढली आणि नवी घंटा नागासाकीला दिली. ९ ऑगस्ट २०२५ रोजी ११ वाजून २ मिनिटांनी दोन्ही घंटा एकत्र वाजल्या. आजोबांच्या पिढीने जे मोडले त्याचा एक छोटा भाग नातवाच्या पिढीने दुरुस्त केला. मेलेले परत आले नाहीत. पण ज्यांच्यावर बॉम्ब पडला आणि ज्यांच्या देशाने तो टाकला, ते एकाच वेदीपुढे गुडघे टेकून उभे राहिले.

जपानमध्ये ११ वाजून २ मिनिटे होतात तेव्हा आपल्याकडे सकाळचे ७ वाजून ३२ मिनिटे झालेली असतात. ९ ऑगस्टला त्या वेळी आपल्या चर्चची घंटा वाजेल. जे घरी असतील त्यांनी घरी आणि जे शेतात असतील त्यांनी बांधावर क्षणभर उभे राहून एक 'हे आमच्या बापा' म्हणावे. त्या प्रार्थनेत आपण आपल्या अपराध्यांना क्षमा करण्याचे वचन देतो. घंटेचा आवाज ऐकून शेजाऱ्याने विचारले तर त्याला नागासाकीविषयी सांगावे.

रूपांतराच्या डोंगरावर घाबरलेल्या शिष्यांना प्रभूने स्पर्श करून उठवले. तोच प्रभू भीतीने शस्त्रे कवटाळून बसलेल्या जगाला स्पर्श करो आणि आपल्या सर्वांना शांतीचे लोक बनवो.

प्रभू येशूच्या नावाने आपणा सर्वांना आशीर्वाद.

आपले फादर